पडवीतली उत्तरं : गाव भाद्रपदात मोजायचं की माघात?

सिंधुदुर्ग जिल्ह्यातल्या गावांबद्दल, तिथल्या माणसांच्या संख्येबद्दल आणि ग्रामपंचायतीच्या कारभाराबद्दल प्रश्न मागवले होते. पत्रं अपेक्षेपेक्षा जास्त आली, आणि निम्मी मुंबई-ठाण्याहून आली. मी 1986 ते 2019 या काळात कुडाळ, देवगड आणि वैभववाडी तालुक्यांत ग्रामसेविका म्हणून काम केलं. लोक मला ‘ग्रामसेवकबाई’ म्हणायचे. माझ्या माहेरच्या गावात आज माझ्याच वाडीतली सात घरं कुलूपबंद आहेत, त्यामुळे हे प्रश्न माझेही आहेत.

प्रश्न : आमचं मूळ गाव कणकवली तालुक्यात. 2011च्या जनगणनेत गावची लोकसंख्या सव्वासहाशे दाखवली आहे. गणपतीत एकट्या आमच्या वाडीत तीनशे पानं उठतात. एवढी चूक कशी झाली? (एक वाचक, डोंबिवली)

दादा, चूक झालेली नाही. तुम्ही गाव भाद्रपदात मोजताय, सरकारनं ते माघात मोजलं. 2011ची माणसांची मोजणी 9 ते 28 फेब्रुवारीत झाली आणि 1 मार्चच्या मध्यरात्रीचा क्षण हिशोबाला धरला गेला. मे महिन्याची सुट्टी दूर, गणपती तर आणखी दूर, आणि शिमगाही त्या साली मार्चच्या तिसऱ्या आठवड्यात होता. म्हणजे गावात जो खरोखर राहतो, ज्याची चूल तिथे पेटते, तेवढाच माणूस कागदावर आला. जनगणनेत कुटुंब म्हणजे एका चुलीवर जेवणारी माणसं. रेशनकार्डावर कुणाची नावं आहेत, सातबारावर कुणाची आहेत, याच्याशी मोजणीचा संबंध नसतो. तुमची नोंद डोंबिवलीत झाली असणार, आणि ती तिथेच व्हायला हवी होती.

जिल्ह्याचे आकडे एकदा शांतपणे वाचा. 1991 साली सिंधुदुर्गात 8 लाख 32 हजारांच्या आसपास माणसं होती. 2001 साली 8,68,825 झाली. 2011 साली 8,49,651. दहा वर्षांत 19 हजारांवर माणसं कमी. त्याच दशकात महाराष्ट्राची लोकसंख्या जवळपास 16 टक्क्यांनी वाढली. राज्यात फक्त तीन जिल्ह्यांत घट झाली : सिंधुदुर्ग, रत्नागिरी आणि मुंबई शहर. हे तीन आकडे पहिल्यांदा शेजारीशेजारी पाहिले तेव्हा मी बराच वेळ तो कागद खाली ठेवला नव्हता. आमच्याकडची माणसं परळ-लालबागच्या चाळींत गेली, गिरण्या बंद पडल्यावर आणि चाळी पडल्यावर तिथूनही उठली आणि डोंबिवली, विरार, नालासोपाऱ्याला गेली. गाव रिकामं झालं आणि ज्या शहरासाठी ते रिकामं झालं, त्या शहराचा जुना भागही रिकामा झाला. तुमच्या पत्रावरचा पत्ताच त्याची साक्ष देतो.

एक गोष्ट पुष्कळांना माहीत नसते. आपला जिल्हा रत्नागिरीतून वेगळा झाला तो 1 मे 1981 रोजी, आणि त्या वर्षीची जनगणना त्याआधी दोन महिने उरकली होती. म्हणून सिंधुदुर्ग या नावानं पहिली मोजणी झाली ती थेट 1991 साली. त्याआधी कलेक्टर कचेरीचं काम म्हणजे रत्नागिरी. माझे वडील एका अपिलासाठी एसटीनं जायचे, रात्री तिथेच राहायचे आणि दुसऱ्या दिवशी परत यायचे. ओरोसला कचेरी आल्यावर तेच काम सकाळी जाऊन दुपारच्या जेवणाला घरी येण्याइतकं जवळ आलं. लहान जिल्हा असावा की नसावा, यावर वाद घालणाऱ्यांनी त्या रात्रीच्या मुक्कामांचा खर्च धरायला हवा.

प्रश्न : आमच्या जिल्ह्यात हजार पुरुषांमागे 1036 स्त्रिया आहेत. राज्यात हे प्रमाण 929. मुलींना जपणारा जिल्हा म्हणून आम्ही शाळेच्या फलकावर हे लिहिलं आहे. बरोबर ना? (एक शिक्षिका, मालवण तालुका)

बाई, मुलींना फलकावर काहीतरी अभिमानाचं वाचायला मिळावं, ही तुमची तळमळ मला कळते. पण त्या आकड्याच्या खाली दुसरा आकडा लिहा. त्याच 2011च्या जनगणनेत सिंधुदुर्गात सहा वर्षांपर्यंतच्या मुलांमध्ये हजार मुलग्यांमागे मुली होत्या 922.

1036 हा आकडा जन्मानं आलेला नाही, जाण्यानं आलेला आहे. पुरुष कामाला मुंबईला, गोव्याला, आखातात गेला आणि मागे आई, बायको, सून राहिली. शंभर वर्षांची ही रीत आहे. 2001 साली हाच आकडा 1079 होता. तो खाली आला, कारण आता नवऱ्यामागून बायकोही जाते, मुलांना शहरातल्या शाळेत घालते. मागे उरतात सासू-सासरे, आणि पुष्कळ घरांत एकटी सासूच.

माझ्या नोकरीच्या पहिल्या वर्षांत ग्रामपंचायतीत कुठलंही काम घेऊन यायची ती बाईच. पाण्याच्या अर्जावर अंगठा तिचा, घरपट्टी भरणार ती, पण घर नवऱ्याच्या नाहीतर दिराच्या नावावर. घराच्या नोंदीत पती-पत्नी दोघांचं नाव लावण्याची सोय झाल्यावर मी वाडीवाडीत जाऊन अर्ज भरून घेतले. काही घरांतून मला परत पाठवलं. तरीही शेवटच्या गावातून माझी बदली झाली तेव्हा निम्म्याहून अधिक घरांवर बाईचं नाव लागलेलं होतं. फलकावर काही लिहायचंच असेल तर तुमच्या गावात किती घरांवर बाईचं नाव आहे ते मोजून लिहा. मुलींना ते मोजायलाही शिकवता येईल.

प्रश्न : मी सरपंच आहे. आमचं गाव नऊ वाड्यांचं, सड्यापासून, म्हणजे वरच्या कातळाच्या पठारापासून, खाडीपर्यंत पसरलेलं. लोकसंख्या अकराशे. निधी माणसागणिक येतो, पण रस्ते, पाखाड्या (दगडी पायवाटा), नळाच्या लाइनी माणसं कमी झाली म्हणून कमी होत नाहीत. आम्ही काय करायचं? (एक सरपंच, देवगड तालुका)

सरपंचताई, तुमच्या पत्रावर मला संपूर्ण अंक लिहावासा वाटतो.

देशावरचं गाव एका ठिकाणी गोळा झालेलं असतं. पारावर उभं राहून हाक मारली तर निम्म्या गावाला ऐकू जाते. आपलं गाव तसं नाही. एक वाडी सड्यावर, एक खाडीकाठी, मध्ये डोंगर, दोन ओहोळ. चाळीस माणसांच्या वाडीलाही वेगळी टाकी, वेगळी पाखाडी, वेगळा दिवा लागतो. पण पंधराव्या वित्त आयोगानं राज्याराज्यांत पैसे वाटताना लोकसंख्येला 90 टक्के भार दिला आणि क्षेत्रफळाला 10 टक्के. लोकसंख्याही धरली ती 2011ची. महाराष्ट्रात त्यातले 80 टक्के थेट ग्रामपंचायतीला आले, ही चांगली गोष्ट झाली. मात्र त्यातला मोठा भाग बंधित, म्हणजे पाणी आणि स्वच्छतेवरच खर्चायचा. अबंधितातून पाखाडी करायची म्हटली की दोन वाड्यांत भांडण लागतं, हे मी डोळ्यांनी पाहिलंय.

आणि हे निधीपुरतं नाही. आरोग्य उपकेंद्र सपाट प्रदेशात 5,000 लोकांमागे आणि डोंगराळ किंवा आदिवासी भागात 3,000 लोकांमागे. प्राथमिक आरोग्य केंद्र 30,000 किंवा 20,000 लोकांमागे. आशा साधारण हजारामागे एक. ग्रामपंचायतीचे सदस्यही लोकसंख्येवर : 1,500 पर्यंत सात, त्यापुढे 3,000 पर्यंत नऊ. शाळेचं तर विचारूच नका. पट वीसच्या खाली गेला की त्या शाळेवर टांगती तलवार येते आणि पहिलीतलं पोर दुसऱ्या वाडीत ओहोळ ओलांडून चालत जातं. माणसं कमी झाली म्हणून सोयी कमी होतात, आणि सोयी कमी झाल्या म्हणून उरलेलं तरुण कुटुंब बिऱ्हाड हलवतं. माझ्या मते आपल्यासारख्या विखुरलेल्या वस्तीला माणसाच्या आकड्यासोबत वाडीचा आकडाही धरायला हवा. हे आमदार-खासदारांनी विधिमंडळात आणि संसदेत मांडायचं काम आहे आणि ते त्यांच्याकडून करून घेणं आपलं.

तुमच्या हातात आज जे आहे ते सांगते. नमुना 8 ला, म्हणजे ग्रामपंचायतीच्या घरपट्टीच्या नोंदवहीत, नोंद असलेलं घर उघडं असो की बंद, घरपट्टी लागते. बंद घरांची थकबाकी काढा. मी गणपतीच्या दुसऱ्या दिवशी देवळाच्या सभामंडपात पावतीपुस्तक घेऊन बसायचे. पहिल्या वर्षी लोक रागावले, सणाला वसुली कसली म्हणाले. मी एका कागदावर लिहून लावलं की कुठल्या वाडीतून किती आले आणि मागच्या वर्षी त्या वाडीवर किती खर्च झाले. तिसऱ्या वर्षी लोक आपणहून येऊ लागले. हिशोब दिसला की मुंबयकार हात आखडता घेत नाही, हा माझा तेहतीस वर्षांचा अनुभव आहे. तो देवळाच्या जीर्णोद्धाराला लाख रुपये देतो. त्याला ग्रामपंचायतही आपलीच वाटायला हवी, एवढंच.

ग्रामसभेच्या कोरमला 15 टक्के मतदार किंवा 100 मतदार, यातली कमी असेल ती संख्या लागते. तुमच्या गावात 15 टक्के म्हणजे सव्वाशे-दीडशे होतील, म्हणून शंभर पुरेत. पण शंभर जमवणंही सोपं नाही, मला ठाऊक आहे. सभा वाडीवाडीत फिरती ठेवा. एक सड्यावर, एक खाडीकाठी. म्हातारी माणसं डोंगर चढून येत नाहीत, मग त्यांच्या वाडीचं काम आराखड्यात येत नाही, मग निधी येत नाही.

प्रश्न : मी मुंबईला राहतो, पण गावात वडिलोपार्जित घर आहे, घरपट्टी भरतो. सरपंच निवडताना मला मत देण्याचा हक्क आहे ना? (एक वाचक, विरार)

फक्त घरामुळे नाही. लोकप्रतिनिधित्व कायदा, 1950 यात कलम 20 आहे. त्यात स्पष्ट म्हटलंय की एखाद्या मतदारसंघात केवळ घर मालकीचं किंवा ताब्यात आहे म्हणून माणूस तिथला सर्वसाधारण रहिवासी ठरत नाही. नाव एकाच ठिकाणी ठेवता येतं. दोन्हीकडे नोंदवणं, त्यासाठी खोटं लिहून देणं हा गुन्हा आहे आणि त्याला तुरुंगवासाची तरतूद आहे. ग्रामपंचायतीची मतदारयादी विधानसभेच्या यादीवरूनच तयार होते, त्यामुळे तिला वेगळा नियम नाही. निवडणुकीच्या आदल्या रात्री बसगाड्या भरून येतात तेव्हा गावात राहणाऱ्या माणसाच्या मताचं वजन कमी होतं. मी अनेक निवडणुकांत केंद्रावर बसले आहे, आणि पाच वर्षं टँकरचं पाणी भरणारी बाई रांगेत मागे उभी असते, हे पाहून मला दर वेळी वाईट वाटलं.

तुम्ही निवृत्त होऊन गावात राहायला आलात, तर मात्र लगेच नमुना 8 भरून नाव इकडे हलवा. (हा निवडणूक शाखेचा नमुना 8. ग्रामपंचायतीचा वेगळा.) वर्षातून दोन महिने मुलाकडे जाऊन आलात म्हणून तुमचा हक्क जात नाही.

प्रश्न : लग्न होऊन मी पुण्याहून सावंतवाडी तालुक्यात आले. इथे तलाठी, ग्रामसेवक, सरपंच, पोलीस पाटील, कोतवाल असे पाच जण आहेत. कुणाकडे कशाला जायचं ते कळत नाही. (एक वाचक)

जमिनीचा प्रश्न असेल तर तलाठी. 2024 पासून त्यांचं पदनाम ग्राम महसूल अधिकारी झालंय, पण गावात ते तलाठीच. सातबारा, 8-अ, फेरफार, पीकपाहणी त्यांच्याकडे. त्यांच्यावर मंडळ अधिकारी, मग तहसीलदार, प्रांत आणि जिल्हाधिकारी. कोतवाल त्यांच्या मदतीला. घर, पाणी, दिवा, रस्ता, जन्म-मृत्यूचा दाखला असेल तर ग्रामपंचायत. तिथे सरपंच निवडून आलेले आणि ग्रामसेवक नेमलेले. ग्रामसेवकाचंही नाव आता ग्रामपंचायत अधिकारी झालं आहे. ही वाट पंचायत समितीच्या गटविकास अधिकाऱ्याकडे आणि पुढे जिल्हा परिषदेकडे जाते. पोलीस पाटील पोलीस नसतात. ते गावातलेच, 1967च्या कायद्यानं नेमलेले, आणि भांडण, संशयास्पद मृत्यू, आपत्ती यांची खबर पोहोचवणं त्यांचं काम.

इथे एक गोंधळ हमखास होतो. तलाठ्याचा ‘8-अ’ वेगळा आणि ग्रामपंचायतीचा ‘नमुना 8’ वेगळा. पहिला तुमच्या जमिनीच्या खात्याचा उतारा, दुसरी घराच्या कर आकारणीची नोंद. नमुना 8 ला नाव आहे म्हणून घराची मालकी सिद्ध होत नाही, तो कर कुणाकडून घ्यायचा याचा कागद आहे. माझ्याकडे एक भाऊ दुसऱ्याला घराबाहेर काढायला हाच उतारा मागायला आला होता. त्याला समोर बसवून हे समजावायला मला एक सबंध दुपार लागली.

आणि गावात आणखी एक कारभार आहे, जो सरकारी कागदावर सापडत नाही : गावऱ्हाटी. देवळातले मानकरी, गावकर, पालखीचा मान. तिथे मान कुणाचा हे ते ठरवतात, नळ कुणाला मिळणार हे ते ठरवू शकत नाहीत. एवढा फरक धरून ठेवा म्हणजे कुणाशीच वाईटपणा येणार नाही.

प्रश्न : आमच्या ग्रामपंचायतीत गेल्या वर्षभरात जन्म नोंदवले फक्त दोन आणि मृत्यू अठरा. गाव संपत आलं का? (एक सदस्य, वैभववाडी तालुका)

घाबरून जाऊ नका, आधी नोंद कुठे होते ते पाहा. जन्म किंवा मृत्यू जिथे होतो तिथेच नोंदवायचा, 21 दिवसांच्या आत, असा 1969चा कायदा आहे. आता बाळंतपण घरी होत नाही. तुमच्याकडची सून कणकवलीला जाते, कोल्हापूरला जाते, आमच्या दक्षिणेकडची गुंतागुंतीची केस गोव्यात बांबोळीला जाते. पहिलटकरीण तर माहेरी. ते बाळ त्या-त्या ठिकाणच्या रजिस्टरात लागतं. म्हातारं माणूस मात्र स्वतःच्या माजघरात जातं आणि ते तुमच्या रजिस्टरात येतं. त्यामुळे ग्रामपंचायतीचं पुस्तक नेहमी खऱ्यापेक्षा जास्त उदास दिसतं.

गावात मुलं खरोखर किती, हे अंगणवाडी सेविकेच्या आणि आशाच्या वहीत सापडेल. त्या दोघींना मासिक सभेला बोलवा आणि आकडा त्यांच्या तोंडून ऐका. जन्म मृत्यूंपेक्षा कमी निघाले, तरी किमान तो आकडा खरा असेल.

प्रश्न : नवीन जनगणना येतेय असं ऐकतो. मी अठ्ठ्याहत्तर वर्षांचा, एकटा राहतो, दिवसभर बागेत असतो. मोजायला आले आणि घर बंद दिसलं तर? (एक वाचक, देवगड तालुका)

आजोबा, 2021ची जनगणना कोविडमुळे राहिली. आता 1 मार्च 2027 हा दिवस जाहीर झाला आहे. एप्रिल ते सप्टेंबर 2026 या काळात घरांची यादी आणि माणसांची मोजणी फेब्रुवारी 2027 मध्ये. या वेळी मोबाइलवर नोंद होणार, स्वतःची माहिती स्वतः भरायचीही सोय असणार आणि जातही विचारणार. फेब्रुवारी म्हणजे तुमच्याकडे मोहोराची फवारणी. तुम्ही घरी सापडणार नाही, हे मला आत्ताच माहीत आहे. शेजारच्या घरी सांगून ठेवा, पोलीस पाटलांना सांगा, दारावर खडूनं लिहा की माणूस बागेत आहे. तुमच्या बागेत राखणीला नेपाळी गडी राहत असेल तर त्यालाही मोजायला सांगा. माणूस कुठल्या देशाचा हे मोजणीत आड येत नाही.

हे मी एवढं आग्रहानं का लिहिते? 2011 साली मी पर्यवेक्षक होते, सहा प्रगणक माझ्या हाताखाली. सड्याच्या टोकाला एक घर होतं. माझ्या प्रगणकानं दोनदा जाऊन पाहिलं, कुलूप होतं, ‘बंद’ लिहिलं. मीही सही केली. आजूबाजूची पाच घरं बंदच होती, मग हेही असेल असं आम्ही दोघांनी गृहीत धरलं. 1 ते 5 मार्चला फेरतपासणीची फेरी असते. त्यात मी स्वतः तिकडे गेले तर कौलांतून धूर येत होता. आजी काजूच्या बागेतून नुकत्या आल्या होत्या, पदरात बोंडू होते. मी कशाला आले ते सांगितल्यावर त्या म्हणाल्या, ‘‘माका कित्याक नाय लिवलंस गो? चूल तर रोज पेटता माझी.’’

मी तिथेच पायरीवर बसून त्यांचा तक्ता भरला. कुटुंबातील व्यक्ती : 1.